मागणी घालायला निघालेला माणूस

बस्टर कीटनच्या ‘सेव्हन चान्सेस’ या १९२५ सालच्या विनोदी मूकपटाची पहिली काही मिनिटं रंगीत आहेत. दोन रंगांचं ते सुरुवातीचं टेक्निकलर महाग पडायचं, म्हणून ते बहुधा राजवाडे, मिरवणुका असल्या भपक्यासाठी राखून ठेवलं जाई. कीटनने ते एका गप्प उभ्या माणसावर खर्च केलं. जिमी शॅनन मेरीच्या घरासमोर तिच्याशेजारी उभा आहे. भोवती उन्हाळ्यातली फुलं, पायाशी कुत्र्याचं पिल्लू. जिमीला लग्नाचं विचारायचंय, पण तोंडातून शब्द फुटत नाही. पानं गळतात, तरी फुटत नाही. बर्फ पडतं, पुन्हा बहर येतो, दोघं तशीच उभी. बदलतो तो कुत्रा. प्रत्येक ऋतूत तो वाढतो आणि शेवटी चांगला दांडगा होऊन दोघांच्या मध्ये उभा राहतो.

मूकपटातला विनोद म्हटला की पडणं, आपटणं, तोंडावर केक फेकणं आणि धावाधाव आठवते. या गोष्टींना शब्द लागत नाहीत. मागणी घालायला मात्र लागतात. लग्न करशील का, हे शेवटी कुणीतरी कुणाला तरी विचारावंच लागतं, आणि ज्या माध्यमाला आवाज नाही त्याने ते विचारायचं कसं? एक सोपी वाट होती. मध्येच पाटी दाखवायची, तिच्यावर प्रश्न छापायचा, पुढच्या पाटीवर उत्तर. सामान्य दिग्दर्शकांनी तेच केलं. ज्यांची नावं आजही निघतात त्यांनी ती पाटी होता होईल तेवढी पुढे ढकलली आणि न बोललेलं वाक्य नायकाच्या हातापायांत उतरवलं. जीभ चालत नाही म्हणून तो इमारतीवर चढतो, झाडावर चढतो, चालत्या गाड्यांवर उड्या मारतो. दोन शब्दांचं काम, पण ते करायला गडी मैलोन्‌मैल धावतो. या चित्रपटांतली चिकाटी मला तरी या मुकेपणातून जन्मलेली दिसते, आणि या पुस्तकातली पुढची सगळी प्रकरणं या ना त्या वाटेने तिथेच येऊन पोचतात.

सुरुवातीला मात्र हे असं नव्हतं. सुरुवातीला होता नुसता पाठलाग. १९०४ साली बायोग्राफ कंपनीने ‘पर्सनल’ नावाची काही मिनिटांची फीत काढली. न्यूयॉर्कमधला एक फ्रेंच गृहस्थ बायको हवी म्हणून वर्तमानपत्रात जाहिरात देतो आणि ग्रँट यांच्या समाधीपाशी भेटायला बोलावतो. एक बाई येते, दुसरी येते, मग घोळकाच येतो. गृहस्थ पळत सुटतो आणि बाया त्याच्या मागे, कुंपणं ओलांडत, उतारावरून घसरत. लोकांना हे इतकं आवडलं की एडिसनच्या कंपनीने एडविन पोर्टरकडून जवळपास हुबेहूब नक्कल करवून घेतली. लुबिनने आपली काढली, आणि पुढच्या वर्षी फ्रान्समध्ये पाथेने एका नवऱ्यामागे दहा बायका धाडल्या. बायोग्राफ एडिसनविरुद्ध कोर्टात गेली, पण कोर्टाने मनाई हुकूम द्यायला नकार दिला. कल्पना चोरीला गेली म्हणून कज्जा व्हावा इतकं मोल विवाहेच्छूंच्या धावपळीला सिनेमाच्या पहिल्या दशकातच आलं होतं, एवढं त्यातून कळतं. या फितीत प्रेम औषधालाही नाही. कोण कुणाला हवंय याची चौकशी कुणी करत नाही. बाया अनेक आणि पुरुष एक, यातच सगळा विनोद संपतो.

त्याच सुमारास पॅरिसमध्ये गोमाँ कंपनीत अॅलिस गी दिग्दर्शन करत होती. सिनेमाच्या इतिहासातल्या पहिल्या दिग्दर्शिकेचा मान तिला दिला जातो. तिची ‘ले रेझुल्ता द्यु फेमिनिझम’ ही १९०६ची फीत सातेक मिनिटांची आहे. तिने जग उलटं करून टाकलंय. पुरुष टोप्या शिवतात, इस्त्री करतात, मुलं सांभाळतात. बाया कॅफेत पाय पसरून पितात आणि रस्त्यात एकट्यादुकट्या पुरुषाला गाठून त्याच्या अंगचटीला येतात. बाकावर बसलेला तरुण लाजतो, सरकतो, नको नको म्हणतो आणि बाई आणखी जवळ सरकते. शेवटी पुरुष बंड करतात आणि कॅफे परत ताब्यात घेतात. फीत स्त्रीमुक्तीची टिंगल करते की पुरुषांच्या वागण्याची, यावर अभ्यासक वाद घालतात. मला तो वाद फारसा महत्त्वाचा वाटत नाही. बाकावरचा तो प्रसंग पाहताना पुरुष प्रेक्षकाला आपलंच रोजचं वागणं समोरून येताना दिसतं, आणि तसं दाखवायची बुद्धी १९०६ साली कुणाला तरी झाली होती, हे मला पुरेसं आहे.

बाकावरची ती सरकासरकी आठ वर्षांनी कॅलिफोर्नियात धंद्याचं भांडवल झाली. मॅक सेनेटची कीस्टोन कंपनी १९१२ साली निघाली. लॉस एंजेलिसच्या ईडनडेल भागात तिचा स्टुडिओ होता आणि जवळच इको पार्कचं तळं. बाग फुकट, ऊन फुकट, तळ्यात ढकलायला माणसं तयार. चार्ली चॅप्लिनच्या पहिल्या वर्षातल्या, म्हणजे १९१४ मधल्या, कितीतरी फिती अशा बागेत घडतात. ‘ट्वेंटी मिनिट्स ऑफ लव्ह’मध्ये चार्ली जोडप्यांच्या मध्ये जाऊन बसतो, दुसऱ्याने चोरलेलं घड्याळ पुन्हा चोरतो आणि ते तिसऱ्याच्या प्रेयसीला नजर करतो. ‘गेटिंग अॅक्वेंटेड’मध्ये दोन नवरे एकमेकांच्या बायकांमागे लागतात आणि त्या चौघांमागे पोलिस. इथला चार्ली आपण नंतर ओळखू लागलो तो नव्हे. हा चावट आहे, चिकट आहे, छडीच्या मुठीने बायकांना ओढतो, नकार ऐकला की दात काढतो.

या फितींबद्दल लिहिताना बरेच समीक्षक कौतुकाने फक्त त्यांच्या वेगाविषयी बोलतात. वेग आहेच. पण अर्धा डझन फिती सलग पाहिल्या की कंटाळा येतो, आणि तो नेमका कशाचा हे शोधलं तर लक्षात येतं की बाईच्या नकाराचा या गोष्टींवर काहीच परिणाम होत नाही. ती हो म्हणाली काय, नाही म्हणाली काय, पुढचा धक्का ठरलेला. आपल्या हिंदी चित्रपटांत पुढे कित्येक दशकं बागेत नायिकेचा पदर धरून गाणारा जो नायक आला, त्याचं गोत्र मला तरी इको पार्कच्या या मंडळींशीच जुळताना दिसतं.

कीस्टोनच्या या गर्दीतून वेगळी उठून दिसते ती मेबल नॉर्मंड. ती नुसती पाठलाग होणारी मुलगी नव्हती. मोटार हाकायची, विमानात बसायची, १९१४ साली स्वतः दिग्दर्शन करायची, आणि तिच्या चेहऱ्यावर समोरच्या माणसाविषयीचं मत लख्ख वाचता यायचं. रॉस्को आर्बकलबरोबरच्या तिच्या ‘फॅटी अँड मेबल अड्रिफ्ट’ या १९१६च्या फितीत एक क्षण असा आहे, की त्या धुमश्चक्रीच्या कंपनीत तो घडलाच कसा असं वाटावं. मेबल झोपली आहे. अवाढव्य देहाचा फॅटी दारातून तिला पाहतो, आणि त्याची भिंतीवरची सावली वाकून तिच्या गालाचं चुंबन घेते. माणूस जागचा हलत नाही. सेनेटच्या सगळ्या बागेतल्या फितींच्या बदल्यात मी ही एक सावली घेईन.

फ्रान्सचा मॅक्स लँदेर इथे विसरून चालणार नाही. रेशमी उंच टोपी, कोरलेली मिशी, हातात काठी. पाथेच्या फितींतून तो जगभर पोचला आणि बहुतेक वेळा कुणाला तरी भेटायला, कुणाचं तरी मन वळवायला निघालेला असायचा. चॅप्लिन त्याला गुरू मानत असे. त्याचा विनोद शिष्टाचाराचा आहे. प्रेम त्याला जड जात नाही, कपडे नीट ठेवणं जड जातं. म्हणून या पुस्तकात त्याच्या वाट्याला एकच छोटं प्रकरण आलं.

खरा बदल चित्रपटाच्या लांबीने घडवला, असं माझं मत आहे. एका रिळाची फीत दहा-पंधरा मिनिटांत संपते. तेवढ्यात मुलगी कुणीही असली तरी चालतं. पण १९२०च्या पुढे विनोदी नट पाच-सहा-आठ रिळांचे चित्रपट करू लागले. तासभर एका माणसाच्या धडपडीत प्रेक्षकाला गुंतवायचं, तर ती मुलगी त्याला हवी आहे एवढं पुरत नाही. तिलाही तो हवा आहे, हे आधी दिसावं लागतं. नाहीतर प्रेक्षक मुलीच्या बाजूने जातो. मग हॅरॉल्ड लॉइड, कीटन यांच्या कथाकारांनी एक साधी पण दूरगामी खटपट केली. मुलीचा होकार त्यांनी कथेच्या सुरुवातीकडे आणला आणि अडथळा तिच्यातून काढून बाहेर ठेवला. आता नायक घड्याळाशी झगडतो, अंतराशी, प्रतिस्पर्ध्याशी, आणि सगळ्यांत जास्त आपल्या जिभेशी. चिकाटी तीच, पण तिचा रोख बदलला. बागेतला चार्ली मुलीच्या मागे धावत होता, लॉइड मुलीकडे धावतो.

लॉइडचा ‘गर्ल शाय’ हा १९२४चा चित्रपट मी या सगळ्या बदलाचा नमुना म्हणून पुन्हा पुन्हा पाहण्याची शिफारस करेन. निर्माता हॅल रोचपासून वेगळं झाल्यावर लॉइडने स्वतःच्या कंपनीतर्फे काढलेला हा पहिला चित्रपट. नायक एका खेडेगावात काकाकडे शिंपीकाम शिकणारा तोतरा मुलगा आहे. मुलगी समोर आली की त्याची बोबडी वळते. कुणी शिट्टी वाजवली तरच जीभ सुटते. आणि हा मुलगा रात्री बसून ग्रंथ लिहितो, तो स्त्रियांना वश करण्याच्या कलेवर! त्यातली प्रकरणं आपल्याला पडद्यावर दिसतात. मोहिनी घालणाऱ्या बाईला बेपर्वाईने जिंकायचं, उच्छृंखल मुलीला आदिमानवी दांडगाईने. त्या दृश्यांत तोच लॉइड रुबाबदार होऊन बायकांना फेकतो, आदळतो, आणि त्या विरघळतात. हे हस्तलिखित तो शहरातल्या प्रकाशकाकडे नेतो तेव्हा कचेरीतल्या मुली पोट धरधरून हसतात.

हा विनोद नीट पाहण्यासारखा आहे. नकार मोडून काढणारी मर्दानी चिकाटी, जिच्यावर दहा वर्षांपूर्वी कीस्टोनचा धंदा चालला होता, ती इथे एका घाबरट पोराची फँटसी म्हणून दाखवली आहे, आणि तिला हसणाऱ्या बायका आहेत. दरम्यान खऱ्या आयुष्यात, रेल्वेच्या प्रवासात, त्याला जोबिना राल्स्टनने रंगवलेली मेरी भेटली आहे. तिला तो तोतऱ्या बोलण्यासकट आवडला आहे. तिथे ग्रंथातली एकही युक्ती कामाला आलेली नाही.

मग पुस्तक नाकारलं जातं. आपण नालायक आहोत असं ठरवून तो मेरीला खोटंच तोडून टाकतो. प्रकाशक विचार बदलतो आणि तेच पुस्तक मूर्खाची रोजनिशी म्हणून विनोदी साहित्यात काढायचं ठरवतो. मानधनाचा धनादेश येतो, आणि त्याच वेळी कळतं की मेरीचं ज्याच्याशी लग्न लागतंय तो आधीच विवाहित आहे. तिथून चित्रपटाचा शेवटचा भाग म्हणजे लॉइडची ती प्रसिद्ध धाव. मोटारी, घोडे, मोटारसायकल, भरधाव सोडलेली ट्राम, हाताला लागेल ते वाहन. सिनेमातल्या पाठलागांत हिच्या तोडीचे फार नाहीत. तो लग्नमंडपात पोचतो, सगळ्यांसमोर उभा राहतो, सत्य सांगायला तोंड उघडतो आणि तोतरेपणामुळे अडकतो. एवढं शहर ओलांडून आला, पण शेवटचं वाक्य येत नाही. शेवटी तो नवरीला खांद्यावर टाकतो आणि चालू लागतो. बाहेर आल्यावर मागणी घालायची, तर पुन्हा तेच. मग पोस्टमनची शिट्टी वाजते.

‘द किड ब्रदर’ (१९२७) मध्ये हीच कल्पना लॉइडने आणखी हलक्या हाताने मांडली. मुलगी निरोप घेऊन टेकडी उतरू लागते. दिसेनाशी झाली म्हणून हॅरॉल्ड झाडावर चढतो आणि तिचं नाव विचारतो. ती आणखी खाली जाते, तो आणखी वर चढतो, कुठे राहतेस विचारतो. पुन्हा वर. झाडाशेजारी मनोरा बांधून कॅमेरा त्याच्याबरोबर वर वर नेला होता, त्यामुळे टेकडीपलीकडची मुलगी दर वेळी आपल्यालाही पुन्हा दिसते. शेवटी तो पडतो, अर्थातच, आणि खाली पोचतो तोही खुशीत. मूकपटातल्या प्रणयाचं याहून निर्मळ दृश्य मला माहीत नाही.

कीटन वेगळा. लॉइडच्या नायकाला जिंकायचंच असतं आणि प्रेक्षकाला खात्री असते की तो जिंकेल. कीटनला जिंकण्याबद्दल शंका आहे. ‘द नॅव्हिगेटर’ (१९२४) मधला श्रीमंत रोलो सकाळी खिडकीतून नवविवाहित जोडपं पाहतो आणि आपणही आजच लग्न करावं असं ठरवतो. नोकराला मधुचंद्राची दोन तिकिटं काढायला सांगतो. मुलगी रस्त्याच्या पलीकडेच राहते, पण हा चालकासह मोटारीत बसतो, मोटार वळसा घेऊन समोरच्या दारात थांबते. विचारतो. ती एका क्षणात नाही म्हणते. परत येताना तो मोटार नाकारतो, कारण दूरवर पायी चालणं प्रकृतीला बरं, आणि रस्ता ओलांडून घरी येतो. इथे वाक्य अडलं नाही, उलट फारच सहज निघालं, आणि म्हणून त्याला किंमत आली नाही. उरलेला चित्रपट दोघांना एका निर्मनुष्य जहाजावर सोडून ती किंमत वसूल करतो.

‘शेरलॉक ज्युनियर’ (१९२४) मध्ये तो सिनेमागृहात चित्रपट दाखवणारा पोरगा आहे. प्रेयसीसाठी एक डॉलरची चॉकलेटची पेटी घेतो आणि किमतीच्या आकड्याचा चार करतो. ही क्षुल्लक बढाई त्याच्याच गळ्यात येते, कारण प्रतिस्पर्ध्याने मुलीच्या वडिलांचं घड्याळ चोरून बरोबर चार डॉलरला गहाण टाकलंय. नायक झोपतो आणि स्वप्नात महान गुप्तहेर होतो. खरा शोध लावते ती मुलगी. ती सरळ गहाणवाल्याकडे जाऊन विचारते आणि प्रकरण मिटवून टाकते. हे कीटनने इतकं सहज दाखवलंय की अनेकांच्या ते लक्षातच येत नाही. शेवटी ती माफी मागायला त्याच्या यंत्राच्या खोलीत येते. आता काय करायचं, हे त्याला कळत नाही. तो खिडकीतून पडद्याकडे पाहतो. पडद्यावरचा नायक नायिकेचे हात हातात घेतो, हाही घेतो. तो अंगठी घालतो, हाही घालतो. तो चुंबन घेतो, हाही जेमतेम घेतो. पडद्यावर दृश्य बदलतं आणि जोडप्याच्या मांडीवर जुळी मुलं. कीटन डोकं खाजवतो. मधला धडा सिनेमाने गाळलाय.

‘कॉप्स’ (१९२२) सर्वांत कडू आहे. पहिल्याच चित्रात कीटन गजांआड उभा दिसतो. मग कळतं की ते मुलीच्या बंगल्याचं फाटक आहे. मोठा उद्योगपती झालास तर लग्न करीन, असं ती म्हणते. तो दिवसभर नशीब काढायला जातो आणि शहरातलं अख्खं पोलिसदल मागे लावून घेतो. शेवटी सगळ्या पोलिसांना त्यांच्याच ठाण्यात कोंडून बाहेर पडतो. तेवढ्यात मुलगी येते, त्याच्याकडे पाहून मान फिरवून निघून जाते. तो कचऱ्याच्या डब्यातली किल्ली काढतो, दार उघडतो, आतले हात त्याला ओढून घेतात. समाप्तीची पाटी थडग्याच्या दगडावर, वर त्याची चपटी टोपी. चिकाटीचं फळ मिळतंच असं नाही, हे वीस मिनिटांच्या विनोदी फितीत त्याने सांगितलं आणि लोक हसले.

आणि ‘सेव्हन चान्सेस’. हा चित्रपट रॉय कूपर मेग्रूच्या १९१६च्या नाटकावरून केलेला. हक्क निर्माता जोसेफ शेंकने घेतले होते आणि कीटनला विषय मुळीच पसंत नव्हता. सत्ताविसाव्या वाढदिवशी संध्याकाळी सातच्या आत लग्न केलं तर जिमीला सत्तर लाख डॉलर मिळणार. तो मेरीकडे धावतो, विचारतो, आणि ती आनंदाने हो म्हणते. इथे गोष्ट संपायला हवी. पण जिमी खुलासा करत बसतो की आज कुणाशी तरी लग्न करायलाच हवं, कुणीही मुलगी चालेल. होकार तिथल्या तिथे मोडतो. वर्षभर गप्प राहिलेला माणूस बोलला, आणि एक वाक्य जास्त बोलला.

पुढचा सगळा गोंधळ त्या एका वाक्याची शिक्षा आहे. मित्र वर्तमानपत्रात जाहिरात देतो आणि १९०४च्या त्या फ्रेंच गृहस्थाची गत वीस वर्षांनी जिमीची होते. चर्चमध्ये शेकडो नवऱ्यामुली जमतात, कुणी पडद्याच्या कापडाचा घुंगट घेऊन आलेल्या. जुना विनोद, जुनी जाहिरात, तोच पाठलाग. पण आता तो बायकांपासून पळत असतानाच एका बाईकडे पळतोय, कारण मेरीचा राग गेल्याचा निरोप पोचला आहे. पूर्वप्रदर्शनात हा पाठलाग प्रेक्षकांना थंडच वाटला. फक्त उतारावरून पळताना कीटनच्या पायाने चुकून निसटलेले दोन-तीन दगड घरंगळले तेव्हा हशा पिकला. कीटनने तो हशा हेरला, लगद्याचे लहानमोठे पाषाण करवून घेतले, आणि डोंगरच त्याच्यामागे सोडला. त्यातला त्याचा पळतानाचा चेहरा पाहावा. तक्रार नाही, भीतीही फारशी नाही. उशीर होतोय एवढंच.

याच चित्रपटात आज डोळ्यांत खुपणारं बरंच आहे. गोऱ्या नटाने तोंडाला काळं फासून केलेला नोकर आहे. रस्त्यात विचारायला गेल्यावर बाई काळी निघाली म्हणून मागे फिरण्याचा विनोद आहे. पुस्तकात मी तो भाग झाकलेला नाही. पडद्यामागेही सगळं गोड नव्हतं. ‘द गोल्ड रश’ची नायिका म्हणून चॅप्लिनने आधी लीटा ग्रेला घेतलं होतं. ती सोळा वर्षांची असताना गरोदर राहिली, १९२४च्या अखेरीस दोघांनी मेक्सिकोत लग्न केलं आणि भूमिका जॉर्जिया हेलकडे गेली. पडद्यावर नम्र प्रेमिकाचं सर्वांत हृद्य चित्र रंगवणारा माणूस तोच होता, हे वाचकाने माहीत असूनच पुढे जावं.

बायका पुढाकार घेतात असे चित्रपट दुर्मीळ नव्हते, पण विनोदी नटांच्या कीर्तीखाली ते दबून गेले. दिग्दर्शक लुबिचच्या ‘द ऑयस्टर प्रिन्सेस’ (१९१९) मध्ये ओसी ओस्वाल्डा बापाने नवरा म्हणून राजपुत्र आणून द्यावा यासाठी घरातलं सामान फोडत सुटते. ‘इट’ (१९२७) मध्ये दुकानात काम करणारी क्लॅरा बो मालकाला पाहते आणि मनाशी ठरवून टाकते. पण पहिल्याच भेटीअखेर तो चुंबन घेतो तेव्हा थोबाडीत देते. त्याने लग्नाऐवजी भलतीच सोय सुचवल्यावर ती त्याला इतकं घोळवते की तो लग्नाचं विचारतो, आणि मग ती हसून नाही म्हणते. मॅरिअन डेव्हीसचा ‘द पॅट्सी’ (१९२८) मला त्याहून आवडतो. धाकटी बहीण थोरलीच्या मित्रावर भाळली आहे. माझं एका माणसावर प्रेम आहे, त्याला कसं जिंकू, असा सल्ला ती त्यालाच विचारते, आणि तो बिचारा मन लावून सल्ला देतो. वाक्य सरळ त्याच्या कानावर पडलेलं असतं, फक्त त्याला ऐकू येत नाही.

हॅरी लँग्डनसाठी वेगळं प्रकरण करावं की नाही, यावर मी बराच घुटमळलो. ‘द स्ट्राँग मॅन’ (१९२६, दिग्दर्शक फ्रँक काप्रा) मध्ये तो बेल्जियन सैनिक आहे. लढाईत पत्र लिहिणाऱ्या मेरी ब्राउनला शोधत अमेरिकेत येतो आणि रस्त्यातल्या बायकांचे चेहरे तिच्या फोटोशी ताडून पाहतो. त्याच्या बाळबोध चेहऱ्यामुळे ते गोड वाटतं, दुसऱ्या कुणी केलं असतं तर पोलिस बोलवावे लागले असते. शेवटी त्याला परिशिष्टात बसवलं.

वाचक विचारील की सगळी उदाहरणं परदेशी का. आपल्याकडे फाळक्यांनी पौराणिकांबरोबर ‘पिठाचे पंजे’सारखी छोटी विनोदी फीत केली. कलकत्त्यात धीरेन गांगुलींच्या ‘बिलात फेरत’ने १९२१ साली विलायतेहून परतलेल्या तरुणाच्या प्रेमकल्पनांची खिल्ली उडवली. पण भारतीय मूकपटांतलं इतकं थोडं उरलं आहे की त्यावर प्रकरण उभं राहत नाही. नायिकेचं काम करायला बायका मिळत नव्हत्या, १९१३च्या ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये तारामतीची भूमिका साळुंके नावाच्या पुरुषाने केली, म्हणून प्रणयविनोद झाला नाही, असं कारण कुणी देतं. मला ते पटत नाही. त्याच वर्षांत रंगभूमीवर बालगंधर्वांना पाहून महाराष्ट्र प्रेमात पडत होता. पण रंगभूमीकडे गाणं होतं. जे बोलता येत नव्हतं ते तिथे गाता यायचं.

हे चित्रपट पाहताना दोन गोष्टी सांभाळाव्यात. पहिली वेगाची. कॅमेऱ्याची मूठ हाताने फिरवली जाई आणि सेकंदाला सोळा ते वीस-बावीस चित्रं, असं कमीजास्त प्रमाण असे. ती फीत पुढच्या काळातल्या चोवीसच्या वेगाने चालवली की साधं चालणंही तुरुतुरु होतं. पाठलागात मात्र मूठ मुद्दाम हळू फिरवत, म्हणजे पडद्यावर वेग वाढे. नायक मुलीशेजारी बसतानासुद्धा झटके देत असेल तर ती प्रत बाजूला ठेवून चांगली शोधावी. प्रणयाच्या दृश्यांत थांबणं हाच अभिनय आहे, आणि चुकीच्या वेगाने आधी तोच मरतो.

दुसरी गोष्ट ‘द गोल्ड रश’ची. तो दोन रूपांत मिळतो. १९२५चा मूळ मूकपट, आणि १९४२ साली चॅप्लिनने पाट्या काढून, स्वतःच्या आवाजात निवेदन घालून, कातरलेला. फरक नुसता आवाजाचा नाही. मूळ चित्रपटात जॉर्जिया प्रेमाचं पत्र लिहिते ते दांडग्या जॅकला. तो त्या पत्राची टर उडवतो आणि गंमत म्हणून ते चार्लीकडे पाठवून देतो. चार्ली वाचतो, वेडा होतो, सगळ्यांसमोर तिला शोधत धावतो. दुसऱ्याच्या नावाच्या पत्रावर त्याची सगळी आशा उभी आहे आणि ते आपल्याला माहीत आहे. १९४२च्या आवृत्तीत ते पत्र तिने चार्लीलाच लिहिलेलं आहे, शेवटचं लांब चुंबनही नाही. चॅप्लिनने वयाच्या पन्नाशीनंतर नायकाला ही सवलत का दिली असावी, याचे तर्क सातव्या प्रकरणात केले आहेत. मला १९२५चीच आवृत्ती थोर वाटते. वाचकांनी आधी ती पाहावी, आणि निवेदनाचा आवाज सुरू झाला तर प्रत बदलून घ्यावी.